किल्ल्या कोणी द्यावयाच्या? मलंकर सभेचा दावा आणि न्यायालयाच्या अवमानाचे प्रकरण

देवस्थानाचा इतिहास लिहिताना जीर्णोद्धार, उत्सव, देणग्या आणि पालख्या यांना पाने मिळतात. कज्जे-खटल्यांना सहसा मिळत नाहीत. वास्तविक एखाद्या जुन्या संस्थेचे दप्तर उघडून पाहिले तर त्यातील पुष्कळसे कागद दाव्यांचेच निघतात. पूजेची पाळी कोणाची, मान कोणाचा, सभा रीतसर भरली की नाही, हिशेब कोणी दाखवावयाचा आणि सरतेशेवटी गाभाऱ्याच्या व भांडाराच्या किल्ल्या कोणाजवळ राहावयाच्या, हे प्रश्न पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेले असतात. गोमंतकात १८८६ साली व पुढे १९३३ साली झालेल्या माझानियांच्या नियमावलीने महाजनांच्या मंडळांना कायद्याची चौकट दिली. पोर्तुगीज अमदानीत आदमिनिस्त्रादोरकडे असलेली देखरेख १९६१ नंतर मामलेदाराकडे आली. परंतु चौकट कितीही पक्की असली तरी तंटे थांबले नाहीत, आणि तंटा न्यायालयात गेला की निकालाबरोबर तो संपतो असेही नाही. निकाल कागदावर राहतो, किल्ली कोणाच्या तरी कनवटीला राहते. या दोहोंमधील अंतर तोडण्यासाठी न्यायालयाच्या हाती जे शेवटचे शस्त्र असते, त्याचे नाव अवमानाची कारवाई.

या शस्त्राचा इतिहास नीट समजून घ्यावयाचा तर केरळातील मलंकर सिरियन ख्रिस्ती सभेच्या दाव्याइतके बोलके उदाहरण भारतात दुसरे सापडणे कठीण. धर्म निराळा, परंतु संस्थेची घडण महाजनांना अपरिचित वाटू नये अशी आहे. गावोगावच्या इगर्जी, त्यांच्या जमिनी, पूर्वजांनी दिलेली दाने, सभासद कुटुंबांच्या याद्या, विश्वस्तांच्या निवडणुका, स्मशानभूमीवरील हक्क, आणि या साऱ्यांवर परंपरेने अधिकार सांगणारे दोन पक्ष.

शिवाय या कथेच्या आरंभीच गोवा येते. १५९९ साली गोव्याचे आर्चबिशप आलेइशु द मेनेझिश यांनी कोचीनजवळच्या उदयंपेरूर येथे धर्मसभा भरविली आणि मलबारच्या प्राचीन सेंट थॉमस ख्रिस्ती समाजाला रोमच्या आज्ञेखाली आणण्याचा बेत तडीस नेला. तो जुलूम त्या समाजाला मानवला नाही. १६५३ च्या जानेवारीत मट्टांचेरी येथे शपथ घेऊन समाजाचा मोठा भाग जेझुइटांच्या अंमलाबाहेर पडला, आणि १६६५ पासून त्यातील एका शाखेचा संबंध अँटिओकच्या सिरियन पात्रिआर्कशी जुळला. हा संबंध कोणत्या स्वरूपाचा होता, आदराचा की हुकमतीचा, या एका प्रश्नावर पुढची दीडशे वर्षे न्यायालये बसली आहेत.

पहिली मोठी ठिणगी सुधारणेच्या वादातून पडली. पात्रिआर्क स्वतः केरळात आले व १८७६ साली मुळंतुरुत्ती येथे सभा भरली. त्यानंतर कोट्टयमच्या सेमिनरीच्या ताब्याबद्दल दावा लागला, आणि १८८९ साली त्रावणकोरच्या सर्वोच्च न्यायासनाने पात्रिआर्कला मानणाऱ्या पक्षाच्या बाजूने निकाल दिला. सुधारणावादी पक्ष वेगळा झाला. येथे जाता जाता एक गोष्ट नमूद करण्यासारखी आहे. त्याच १८८९ साली याच मलंकर सभेने वेर्णे येथे जन्मलेल्या आंतोनियु फ्रांसिश्कु शाव्हिएर आल्व्हारिश या गोमंतकीय पाद्रींना बिशपपदाची दीक्षा दिली. मार ज्युलियस हे त्यांचे दीक्षानाम. पोर्तुगीज सत्तेने त्यांचा छळ केला, १९२३ साली ते वारले, आणि आज रायबंदर येथील ऑर्थोडॉक्स इगर्जीत त्यांचे अवशेष आहेत. मांडवीकाठच्या त्या छोट्या इगर्जीसमोरून रोज जाणाऱ्या अनेकांना तिचा संबंध भारतातील एका अत्यंत दीर्घ धार्मिक दाव्याशी आहे याची कल्पनाही नसते.

विसाव्या शतकात वाद पैशावर आला. १८०८ साली या समाजाच्या धर्मगुरूंनी ईस्ट इंडिया कंपनीकडे तीन हजार पूवराहन सालीना आठ टक्के व्याजाने कायमची ठेव म्हणून ठेवली होती. मलयाळममध्ये तिला ‘वट्टिप्पणम’, म्हणजे व्याजाचा पैसा, असे म्हणतात. १९११ साली पात्रिआर्कने स्थानिक मेट्रोपॉलिटनला बहिष्कृत केले. त्याला उत्तर म्हणून १९१२ साली एका दुसऱ्या, पदच्युत समजल्या गेलेल्या पात्रिआर्कच्या हस्ते केरळातच ‘कॅथॉलिकोस’ हे पद स्थापन झाले. विश्वस्तांचे दोन संच व्याज मागू लागले. सरकारने मग रक्कम न्यायालयात भरून खरा हक्कदार कोण ते ठरवावे अशी विनंती केली. १९१३ साली सुरू झालेला हा दावा १९२८ साली कॅथॉलिकोसच्या पक्षाच्या बाजूने निकालात निघाला. पाठोपाठ १९३४ च्या डिसेंबरात त्या पक्षाने कोट्टयम येथे सभेची घटना संमत केली. इगर्जीची सर्वसाधारण सभा, विश्वस्त, पुरोहिताची नेमणूक, बिशपांची निवड, सर्व काही तीत कलमवार लिहिले गेले. पुढच्या प्रत्येक निकालाचा खुंटा ही घटनाच आहे. १९३८ साली लागलेला पुढचा दावा वीस वर्षे चालून १९५८ च्या सप्टेंबरात सर्वोच्च न्यायालयात संपला. निकाल पुन्हा कॅथॉलिकोसच्या बाजूने.

या साऱ्या इतिहासातील सर्वांत लक्षणीय क्षण त्यानंतरच्या तीन महिन्यांत येतो. हरलेल्या पक्षाविरुद्ध पोलिस बोलवावे लागले नाहीत, अवमानाचे अर्ज झाले नाहीत. १६ डिसेंबर १९५८ रोजी पात्रिआर्क व कॅथॉलिकोस यांच्या पत्रांची देवाणघेवाण झाली. पात्रिआर्कने कॅथॉलिकोसला मान्यता दिली, कॅथॉलिकोसने घटनेला बाध न येईल अशा बेताने पात्रिआर्कला मान्यता दिली. १९६४ साली तर खुद्द पात्रिआर्क याकूब तृतीय कोट्टयमला आले व त्यांनी नव्या कॅथॉलिकोसला आपल्या हस्ते पदावर बसविले. सुमारे बारा वर्षे इगर्जींमध्ये शांतता होती. हुकूमनामा हाती असताना जिंकलेल्या पक्षाने दोन पावले पुढे येऊन समेट केला म्हणून हे घडले. तेवढाच समेट पुढच्या वेळी कोणालाही साधला नाही.

१९७० साली ती शांतता एका पत्राने मोडली. कॅथॉलिकोस आपल्या नावापुढे सेंट थॉमसच्या सिंहासनाचा उल्लेख करतात यावर पात्रिआर्कने आक्षेप घेतला. नावापुढची एक उपाधी, एवढेच निमित्त. ज्यांनी मानपानाचे तंटे जवळून पाहिले आहेत त्यांना याचे नवल वाटणार नाही. १९७५ पर्यंत दोन कॅथॉलिकोस झाले, दोन्हीकडून बिशप नेमले गेले, आणि जिल्हा न्यायालयांत दाव्यांची रांग लागली. २० जून १९९५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा १९३४ ची घटना बंधनकारक ठरविली. पात्रिआर्कचे आध्यात्मिक स्थान नाकारले नाही, पण सभेच्या कारभारातील त्याची सत्ता जवळजवळ लोप पावली आहे असे म्हटले. न्यायमूर्ती मळीमठ यांच्या देखरेखीखाली २००२ साली निवडणूक झाली. पात्रिआर्कचा पक्ष, म्हणजे जॅकोबाइट, तिला आला नाही. त्याने त्याच वर्षी पुत्तनकुरिश येथे आपली स्वतंत्र घटना केली. येथून निकाल आणि वस्तुस्थिती यांची वाट पूर्णपणे फुटली.

३ जुलै २०१७ रोजी न्यायमूर्ती अरुण मिश्रा व अमिताव रॉय यांनी दिलेला निकाल हा या मालिकेतील सर्वांत कठोर. त्यातील तीन गोष्टी कोणत्याही धार्मिक संस्थेच्या सभासदाने वाचण्यासारख्या आहेत. इगर्ज हा न्यास आहे. एकदा न्यास झालेली मालमत्ता त्या ठिकाणच्या सभासदांच्या बहुमताने न्यासाबाहेर नेता येत नाही. ज्याला सभेत राहावयाचे नाही त्याने खुशाल जावे, पण इगर्ज बरोबर नेऊ नये. आणि १९९५ चा निकाल प्रातिनिधिक दाव्यातील असल्यामुळे, ज्या इगर्जी त्या दाव्यात नावानिशी पक्षकार नव्हत्या त्यांनाही तो लागू आहे. ही शेवटची गोष्ट सामान्य सभासदाच्या ध्यानी क्वचितच येते. प्रातिनिधिक दाव्याची नोटीस वर्तमानपत्रात प्रसिद्ध होते, कोणी ती वाचतो, कोणी वाचत नाही. परंतु निकाल लागला की तो नातवंडांनाही बांधतो. ‘आम्ही कोर्टात गेलोच नव्हतो’ हे म्हणणे मग चालत नाही.

कायद्याची बाजू येथे थोडी पाहिली पाहिजे. १९७१ च्या न्यायालय अवमान अधिनियमाने अवमानाचे दिवाणी व फौजदारी असे दोन प्रकार केले. न्यायाधीशांची निंदा वगैरे फौजदारी प्रकारात मोडते. न्यायालयाचा निकाल, हुकूमनामा, आदेश जाणूनबुजून न पाळणे, अथवा न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणे, हा दिवाणी अवमान. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. आणि कारवाई एक वर्षाच्या आत सुरू व्हावी लागते. ‘जाणूनबुजून’ हा शब्द यात कळीचा आहे. गैरसमजाने, असमर्थतेने घडलेली चूक अवमान होत नाही. परंतु हुकूम चुकीचा आहे असे मनोमन वाटणे ही सबब नव्हे. हा मुद्दा १९६० साली बिहार सरकार विरुद्ध राणी सोनाबती कुमारी या प्रकरणात स्पष्ट झाला: हुकूम चुकीचा वाटत असेल तर तो रद्द करून घ्यावा, तोवर पाळावा, आणि हे सरकारलाही लागू आहे. महाराष्ट्रात याची आठवण फारशी जुनी नाही. आरागिरण्यांना परवाने न देण्याबद्दलचा सर्वोच्च न्यायालयाचा आदेश मोडल्याबद्दल १० मे २००६ रोजी राज्याचे एक मंत्री व एक प्रधान सचिव यांना प्रत्येकी एक महिन्याची कैद झाली. उशिरा मागितलेली माफी न्यायालयाने मानली नाही.

अवमानाच्या अधिकारालाही एक कुंपण आहे. अवमानाचा अर्ज ऐकणारा न्यायाधीश मूळ आदेशापलीकडे जाऊन नवा आदेश देऊ शकत नाही. मूळ आदेशात जे सांगितले ते झाले की नाही, आणि न झाल्यास ते मुद्दाम झाले नाही का, एवढेच त्याने पाहावयाचे असते. ऐकावयाला हा तांत्रिक भेद वाटतो. इगर्जीच्या फाटकाशी तो मुळीच तांत्रिक नसतो.

कारण २०१७ नंतर खरा झगडा फाटकाशीच झाला. अनेक गावांत निकाल ऑर्थोडॉक्स पक्षाच्या बाजूने होता आणि माणसे जॅकोबाइट पक्षाची. रीतसर नेमलेला पुरोहित पोलिसांसह यावयाचा. आत शेकडो भाविक, वृद्ध, स्त्रिया, फाटकाला आतून कुलूप. तास दोन तास बोलणी होऊन पोलिस परत जावयाचे. २०१९ च्या जुलैत सर्वोच्च न्यायालयाने केरळ सरकारला निकाल अमलात न आणल्याबद्दल कडक शब्दांत सुनावले. त्या सप्टेंबरात पिरवमची मोठी इगर्ज पोलिस बळाने रिकामी करण्यात आली व तिचा ताबा घेण्यात आला. ऑगस्ट २०२० मध्ये मुळंतुरुत्तीची पाळी आली. ज्या इगर्जीत १८७६ ची सभा भरली होती तिचीच दारे पोलिसांनी उघडली. कोतमंगलमच्या इगर्जीत मात्र, जेथे १६८५ साली वारलेल्या संत बसेलियोस येल्दो यांची समाधी आहे, आदेश होऊनही ताबा घेता आला नाही.

सर्वांत विदारक भाग अंत्यविधीचा. एका पक्षाची इगर्ज दुसऱ्याकडे गेली की पहिल्याच्या घरातील मृताला त्याच्या आजोबा-पणजोबांच्या शेजारी मूठमाती मिळेना. आपला पुरोहित आत येऊ देत नाहीत, आणि त्यांच्या पुरोहिताच्या हातून विधी घेण्यास घरचे तयार नाहीत, असा पेच पडे. एका वृद्धेचा देह महिन्याहून अधिक काळ दफनाविना राहिला. शेवटी केरळ सरकारने जानेवारी २०२० मध्ये वटहुकूम काढला व पुढे त्याचा अधिनियम केला: कुटुंबाच्या पूर्वजांची स्मशानभूमी असेल तेथे दफनाचा हक्क राहील, धार्मिक विधी हवा तर अन्यत्र, आपल्या पसंतीच्या पुरोहिताकडून करून घ्यावा. विधिमंडळाने येथे जे केले ते न्यायालयाच्या चौकटीत करणे कठीण होते. मालकीचा निकाल न ढळविता त्याने मृतांना त्या निकालाच्या बाहेर काढले. या दीर्घ भांडणातील हे एकमेव कलम असे म्हणता येईल, ज्याचा लाभ कोणत्या पक्षाचा माणूस आहे हे पाहून ठरत नाही.

इगर्जीचा ताबा हा प्रश्न मात्र तसाच राहिला. निकालाप्रमाणे नेमलेल्या पुरोहितांना पोलिस संरक्षण द्यावे असे आदेश केरळ उच्च न्यायालयाने दिले होते. ते अमलात येईनात म्हणून अवमानाचे अर्ज झाले. ३० ऑगस्ट २०२४ रोजी उच्च न्यायालयाने एर्नाकुळम व पालक्काड जिल्ह्यांतील सहा इगर्जी जिल्हाधिकाऱ्यांनी ताब्यात घ्याव्यात असा आदेश दिला. एर्नाकुळमकडील ओडक्काली, पुळिंतानम व मळुवन्नूर. पालक्काडकडील मंगलम डॅम, एरुक्कुंचिरा व चेरुकुन्नम. अधिकारी गेले, फाटकाशी पुन्हा तेच दृश्य झाले, ते परतले. अपिले १७ ऑक्टोबरला फेटाळली गेली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात आले.

३ डिसेंबर २०२४ रोजी न्यायमूर्ती सूर्यकांत व उज्ज्वल भुयान यांच्या पीठाने प्रथम सरळ मार्ग धरला. जॅकोबाइट पक्षाने अवमान केल्याचे सकृद्दर्शनी दिसते, त्याने सहाही इगर्जींचा कारभार व किल्ल्या ऑर्थोडॉक्स पक्षाच्या हवाली कराव्यात. आणि इगर्जीच्या आवारातील स्मशानभूमी, शाळा, रुग्णालये यांचा लाभ कोणासही नाकारला जाणार नाही अशी हमी ऑर्थोडॉक्स पक्षाने द्यावी. म्हणजे जिल्हाधिकारी आणि पोलिस यांना बाजूला ठेवून, एका पक्षाच्या हातातील किल्ली दुसऱ्या पक्षाच्या हातात जावी, अशी ही कल्पना होती. कल्पना चांगली होती. किल्ल्या मात्र हलल्या नाहीत. १७ डिसेंबरला न्यायालयाने ‘जैसे थे’ राखण्यास सांगितले व दोन्ही पक्षांच्या इगर्जींची आणि लोकसंख्येची माहिती मागविली. या माहितीच्या मागणीवर ऑर्थोडॉक्स पक्ष अस्वस्थ होणे स्वाभाविक होते. बहुमताने न्यास बदलत नाही असे २०१७ साली ठरले असताना आता डोकी कशाला मोजावयाची? जॅकोबाइट पक्षाचा युक्तिवाद दुसऱ्या टोकाचा होता: ज्या इगर्जीत नव्वद घरे आमची, तिची किल्ली पाच घरांना देऊन देवाची कोणती सेवा होणार? दोन्ही बोलणी महाजनांच्या सभांतून वेगळ्या शब्दांत ऐकू आलेली आहेत.

३० जानेवारी २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने जिल्हाधिकाऱ्यांनी इगर्जी ताब्यात घेण्याचा उच्च न्यायालयाचा आदेश रद्द केला आणि अवमानाचे अर्ज नव्याने ऐकण्यासाठी परत पाठविले. २०१७ चा निकाल तसाच उभा राहिला. १९३४ ची घटना बंधनकारक आहे यात काडीचाही फरक पडला नाही. बदलले ते एवढेच की त्या निकालाची पूर्तता कोणत्या मार्गाने करून घ्यावयाची, आणि सरकारी यंत्रणेने धार्मिक वास्तूच्या उंबरठ्याच्या आत किती पाऊल टाकावे, हा प्रश्न पुन्हा खुला झाला.

संस्थेच्या कारभाऱ्यांच्या दृष्टीने एक व्यावहारिक गोष्ट येथे सांगून ठेवली पाहिजे, कारण तिच्याबद्दल समितीसमितीत गैरसमज आढळतो. न्यायालयाचा आदेश त्या वेळच्या अध्यक्षाला किंवा मुखत्यारालाच होता, आता नवी समिती आहे, तेव्हा तो आपणांस लागू नाही, असे समजले जाते. आदेश संस्थेला असेल तर संस्थेला बांधतो, आणि तो ठाऊक असूनही मोडणाऱ्या नव्या कारभाऱ्याला त्याचा जाब द्यावा लागतो. न्यायालयापुढे दिलेल्या हमीचेही तेच. म्हणून जुने हुकूमनामे, तडजोडपत्रे व हमीपत्रे यांची एक स्वतंत्र वही ठेवून ती नव्या समितीच्या पहिल्याच सभेत वाचून दाखवावी, अशी पद्धत ज्या संस्थांनी पाडली असेल त्यांचे वकिलांचे खर्च निश्चितच कमी झाले असतील. मलंकर सभेत हुकूमनाम्यांची उणीव कधीच नव्हती. १८८९ पासूनचे निकाल दोन्ही पक्षांपुढे आहेत, आणि दोन्ही पक्ष त्याच निकालांतून आपापली वाक्ये काढून दाखवितात.

ओडक्कालीपासून चेरुकुन्नमपर्यंतच्या सहा इगर्जींच्या किल्ल्यांचा प्रश्न अशा रीतीने ज्या उच्च न्यायालयातून निघाला होता, तेथेच परत गेला.